अव्वाची चाल आणि न उचललेले फोन

ग्रुप : घरचं लग्न

मी, सकाळी ९:१०
बँडवाल्यांकडून अजून काही उत्तर नाही. तुळशीचं लग्न झाल्याझाल्या इसार दिला होता, ५ हजार. मधे धनुर्मास गेला. मग सोलापुरात गड्ड्याची जत्रा आली, सिद्धेश्वरांच्या नंदीध्वजांपुढं वाजवायची धावपळ असेल म्हणून मीही गप्प बसलो. गाण्यांची यादी आणि अव्वाआजीच्या गाण्याचं रेकॉर्डिंग पाठवून तीन आठवडे झाले. एकदाच 'हो साहेब' एवढं आलं, पुढं काही नाही. काल सहा वेळा फोन लावला. बेल पूर्ण वाजते, कुणी उचलत नाही. अक्षता दहा दिवसांवर आली. मला आता झोप लागेना.

वहिनी, ९:१४
यादीतलं एकही गाणं नाही वाजलं तरी चालेल, पण अव्वाचं वाजलंच पाहिजे. तिला मी सांगून बसलेय.

मामा अक्कलकोट, ९:२०
इसार गेला तर गेला. डीजे बघतो मी, संध्याकाळपर्यंत ठरवून टाकू.

अप्पा, ९:३१
डीजे नको. अव्वा दारात खुर्चीवर बसणार आहे. ८४ वर्षांचं वय, त्या दणक्यानं छातीत धडधडतं तिच्या. आणि बाळीवेशीतून निघालो की वाटेत दवाखाना आहे. बँड असला तरी तिथं बंद ठेवायचाय.

आत्या पुणे, ९:४०
पावती आहे ना? ग्राहक हेल्पलाईनला लावा, १९१५. पैसे घेऊन उत्तर न देणं म्हणजे काय! मी इथून तक्रार नोंदवू का?

मी, ९:४२
पावती आहे आत्या. पण त्यावर गाण्यांबद्दल 'पार्टीच्या पसंतीने' एवढंच लिहिलंय. कुठली गाणी ते नाही. तेव्हाच लिहून घ्यायला पाहिजे होतं.

काका, ९:५५
तक्रार नंतरही करता येईल. तक्रारीनं चाल बसत नाही. फोन मालकाकडं असतो आणि वाजवणारे वेगळे असतात. तू तीन आठवडे मालकाशी बोलायलास, ज्याला क्लॅरोनेट धरायचीय त्याच्यापर्यंत तुझं काहीच पोचलेलं नाही. दुपारी बारानंतर आपण दोघं दुकानात जाऊ. सकाळी जाऊन उपयोग नाही, रात्रीची वरात वाजवून झोपलेली असतात ती माणसं.

अप्पा, ९:५८
जा. भांडू नका.

मी, दुपारी ३:४०
जाऊन आलो. मेसेज लांबणार आहे, पण सगळ्यांनी पूर्ण वाचा.

मालक भेटले. आधी मला राग आवरेना. तीन आठवडे का उत्तर दिलं नाही म्हणून सरळ विचारलं. त्यांनी मोबाईल काढून माझ्या हातात दिला. गड्डा संपल्यापासून तिथी लागोपाठ आहेत, प्रत्येक पार्टीनं लिंका पाठवल्यात, कुणी दहा, कुणी पंधरा. त्यातल्या निम्म्या उघडलेल्याही नाहीत. वाजवणाऱ्यांत बऱ्याच जणांकडं बटणाचा फोन आहे, त्यामुळं लिंक पुढं जातच नाही. 'यादी आम्ही त्या दिवशी सकाळी बघतो,' म्हणाले. मी म्हटलं, आमचं एक गाणं त्या दिवशी सकाळी बसणारं नाही, ते कुठं ऐकायलाच मिळत नाही. माणूस वाईट नाही, पण पैसे घेतल्यावर 'जमतं' किंवा 'जमत नाही' एवढं तरी कळवायला पाहिजे होतं. हे मी त्यांना तोंडावर सांगितलं आणि त्यांनी ऐकून घेतलं.

मग काकांनी विचारलं, क्लॅरोनेटवाले मास्तर कुठं आहेत. मास्तर आतच होते. रात्री बार्शीची वरात वाजवून पहाटे तीनला आलेले, डोळे लाल. क्लॅरोनेट जुन्या धोतराच्या फडक्यात गुंडाळलेली. अव्वाचं रेकॉर्डिंग लावलं तर त्यांनी मोबाईल कानाला चिकटवून धरला. सिद्धरामेश्वरांचं वचन, कन्नडमधलं. त्यांना कन्नड येतं, शब्द लगेच ओळखले. चाल मात्र कधी ऐकली नव्हती म्हणाले.

चार वेळा ऐकलं. चौथ्या वेळेला विचारलं, "मागं हे टप टप काय वाजतंय?" मी सांगितलं, भाकरी थापताना गाते ती, वहिनींनी चुलीजवळ बसूनच रेकॉर्ड केलंय. मास्तरांनी मांडीवर बोटं मारून बघितली. सहा मात्रा. दादरा तालाची लय अव्वाच्या तळहातात आहे आणि आपल्याला इतकी वर्षं कळलं नाही. काकांचे डोळे भरून आले, माझेही.

त्यांनी वहीत सा रे ग लिहून घेतलं. मग जे सांगितलं ते नीट समजून घ्या, कारण आपण मागितलं होतं ते चूक होतं.

आपण म्हटलं होतं, नवरदेव घराबाहेर पडताना अख्ख्या बँडनं हे वाजवायचं. मास्तर म्हणाले, अख्ख्या बँडवर हे मरेल. ट्रंपेट आणि युफोनियम सूर ठोकून लावतात. अव्वाचा सूर एका जागेवरून दुसरीकडं घसरत जातो, ती मींड क्लॅरोनेटवर निघते. म्हणून एकटी क्लॅरोनेट आणि सोबत संबळ, तोही हळू. ढोल, साईड ड्रम, झांज सगळं बंद. आणि चालत नाही, उभं राहून. नवरदेव अव्वाच्या पाया पडेपर्यंत वाजवायचं, मग बँड सुरू.

अजून एक. अव्वा सोबत गाणार आहे का, हे आजच सांगायचंय. बँडची वाद्यं काळी पाचच्या सुरातली, अव्वाची पट्टी, म्हणजे गाण्याचा सूर, वेगळी पडते. ती नुसती ऐकणार असेल तर मास्तर त्यांच्या सोयीच्या पट्टीत वाजवतील. गाणार असेल तर तिच्या पट्टीत वाजवायला बोटं वेगळी पडतात, त्यांना चार दिवस सराव पाहिजे.

वहिनी, ३:५२
गाणार! ती न गाता राहील का? कांदा चिरताना तेच गुणगुणायला लागलीय चार दिवस झाले.

अप्पा, ३:५५
गाणार असं सांग त्यांना.

मी, ३:५६
सांगितलं.

मामा अक्कलकोट, ४:०५
बाकीच्या गाण्यांचं काय झालं? सात होती.

मी, ४:१५
मल्लिकार्जुनाच्या देवळापासून घरापर्यंत थांबत नाचत अर्धा तास लागतो. दवाखान्यापाशी शंभर मीटर शांतता क्षेत्र असतं, तेवढं अंतर गप्प चालायचं. सात गाणी बसतच नाहीत, चार ठेवली. तीन त्यांना येतात, एक नवीन आहे ते की-बोर्डवाला बसवेल. बाकीच्या तीन गाण्यांत सगळी करामत मशिनची आहे, बँडवर ती उभी राहत नाहीत, असं मास्तर स्पष्ट म्हणाले. मला ते पटलं. नाही जमत म्हणणारा माणूस बरा.

सगळं पावतीच्या मागं लिहून घेतलं. कुठलं गाणं कुठल्या जागी, दवाखान्यापाशी बंद, दारात फक्त क्लॅरोनेट आणि संबळ. मालकांची सही घेतली, मास्तरांचं नाव लिहिलं आणि त्या दिवशी तेच येणार असंही लिहिलं. सीझनला एका नावाखाली दोन-दोन टोळ्या निघतात, काकांनी हे आठवण करून दिलं नसतं तर मी विसरलो असतो. उरलेले पैसे वाजवून झाल्यावर.

आत्या पुणे, ४:२२
हे बरं केलंस. माझ्या मुलीच्या वेळेला आपण फक्त तारीख आणि रक्कम लिहून घेतली होती. मंगलाष्टकं चालू असताना बाहेर बँड सुरू झाला, आठवतंय ना?

वहिनी, ४:३०
रात्रीच्या वरातीचं पण बोललात का? माझ्या माहेरची मंडळी अकरापर्यंत नाचायची म्हणतायत.

काका, ४:३४
दहाला कर्णा बंद. २००० सालापासूनचा नियम आहे, रात्री दहा ते सकाळी सहा. गाडीवरचा स्पीकर बंद झाला की बँडवाले सामान आवरायला लागतात, त्यांना पोलिसांची भीती असते. वरात साडेसातला काढा, पोटभर नाचा.

वहिनी, ४:३६
बरं. माहेरी आत्ताच कळवते.

मी, संध्याकाळी ७:२०
मास्तरांनी मुलाच्या मोबाईलवरून पाठवलंय. पहिल्या चार ओळी. हेडफोन नको, मोठ्यानं लावा. अव्वाला ऐकवा कुणीतरी.

वहिनी, ७:३८
ऐकवलं. पहिल्यांदा नुसती बघत बसली मोबाईलकडं. तिला वाटलं तिचीच गाणी कुणी चोरून आणली. मग मी सांगितलं, हे बाळाच्या लग्नात वाजणार. दुसऱ्यांदा लावायला सांगितलं. दोन्ही हात मांडीवर घेऊन बसली होती आणि भाकरी थापल्यासारखी बोटं हलत होती.

वहिनी, ७:४१
आता म्हणते चूक आहे.

मी, ७:४१
काय चूक?

वहिनी, ७:४६
तिसरी ओळ. मास्तर खाली आणतात, ती वर जाते आणि तिथं थांबते. 'वर जाऊन जरा थांबायचं, मग उतरायचं,' म्हणते. आपल्या रेकॉर्डिंगमध्ये नेमकी तिथंच कुकरची शिट्टी झाली होती, म्हणून त्यांना ऐकू आलं नसणार. मी परत रेकॉर्ड करायला बसवलं, तर आता गळा धरलाय तिचा. तीन वेळा प्रयत्न केला, वर जाताना आवाज फुटतो.

काका, ७:५०
जबरदस्ती करू नका. उद्या सकाळी गरम पाणी पिऊन शांतपणे बसू दे.

अप्पा, ७:५८
रेकॉर्डिंग नको. उद्या दुपारी मी तिला दुकानात घेऊन जातो. समोर बसून सांगेल. मास्तरांना विचार किती वाजता असतात.

मी, ८:०६
विचारलं. उद्या रात्री त्यांची वरात नाही, एक वाजता येतात म्हणाले. अव्वा येणार म्हटल्यावर आवाजच बदलला त्यांचा. 'आम्हीच घरी येतो, त्यांना कशाला त्रास,' म्हणाले.

अप्पा, ८:०९
नको. तिला बाहेर पडायचंय. आत्ताच इरकल साडी काढून ठेवायला सांगितली तिनं.

मी, ८:१०
मग मी रिक्षा सांगतो.

अप्पा, ८:११
दुकानाला पायऱ्या किती आहेत?

मी, ८:१२
तीन. उंच आहेत.

काका, ८:१३
मी येतो. दोघं मिळून खुर्चीसकट उचलू.