मेयोनीजमध्ये बुडवलेल्या बटाट्याला ‘फ्रेंच’ म्हणायचं?

आंबटचुका:
परवा इथं एका ताईंनी ‘फ्रेंच बटाटा सॅलड’ची पाकृ (पाककृती) टाकली. बटाटे उकडून रात्रभर फ्रिजमध्ये ठेवा, वाटीभर मेयोनीज, दोन चमचे साखर, वरून चाट मसाला. खाली सगळ्यांचं ‘वा, तोंपासु (तोंडाला पाणी सुटलं)!’. तिथंच लिहिणार होते, पण प्रतिसाद मारुतीच्या शेपटासारखा वाढला म्हणून वेगळा धागा.

चाट मसाल्याशी माझं वैर नाही. भांडण आहे ते ‘रात्रभर फ्रिज’शी. अहो, सगळी मेख तिथंच आहे! बटाटे सालासकट, मिठाच्या गार पाण्यात मंद आचेवर चढवायचे. सुरीचं टोक अलगद आत गेलं की उतरवायचे. कुकरच्या तीन शिट्ट्या नकोत. मग बोटं भाजत सालं काढायची, जाडसर चकत्या करायच्या आणि वाफ निघतेय तोवरच व्हिनेगर शिंपडायचं, घरात असेल तर थोडी व्हाइट वाइन. गरम बटाटा ते पिऊन टाकतो. गार बटाट्यावर घातलंत तर सगळं भांड्याच्या तळाशी. मग दिजों मोहरी (फ्रान्सची बाटलीतली तयार, वाटलेली मोहरी) आणि व्हिनेगर, त्याच्या तिप्पट तेल, फेटून वरून. बारीक चिरलेला शॅलट (छोटा कांदाच तो), पार्सली. कोमट असतानाच खायचं. मेयोनीजचा थेंबही नाही!

ल्योंवासी:
ताई, पाकृ अचूक, तोरा चुकीचा. अकरा वर्षं फ्रान्समध्ये, ल्यों शहरात काढली आहेत. आमच्या ऑफिसखालच्या दुकानात काचेआड रोज पिएमॉन्तेझ नावाचं सॅलड दिसतं. बटाटा, टोमॅटो, उकडलेलं अंडं, हॅम, व्हिनेगरमधली करंगळीएवढी काकडी, आणि हे सगळं मेयोनीजमध्ये न्हायलेलं. नाव इटलीतल्या प्रांताचं, चापतात फ्रेंच. सुपरमार्केटात डबेच्या डबे जातात. ‘मेयोनीजचा थेंबही नाही’ हे जरा त्यांना येऊन सांगा.

आंबटचुका:
डब्यातलं सॅलड हा पुरावा? मग पाकिटातला ढोकळा बघून गुजराती स्वयंपाक ठरवू या. आणि त्याला निराळं नाव आहे ना? मग ते तुमचं पिएमॉन्तेझ. आपण वेगळ्या पदार्थाबद्दल बोलतोय.

बारक्याचीआई:
वाद राहू दे. मी ताईंच्या पद्धतीनं केलं, चकत्या करताना लगदा झाला. शेवटी त्याचेच वडे केले. वडे मस्त झाले.

मंचरचा:
लगदा होणारच. बटाटा कुठला घेतला ते सांगितलंत का? चिप्सोना घेतला असेल तर तो चिप्ससाठी काढलेला, उकडला की फुटतो. पुखराज किंवा नवा, पातळ सालीचा घ्या, चकती धरून राहते. पण शहरात वाण कोण विचारतो? ‘बटाटा कसा दिला?’ एवढंच. मागच्या साली आमचा माल आडतीवर नेला, वाहतूक न् हमाली वजा जाता हाती काय राहिलं ते लिहीत नाही. आणि इथं चकती मोडली म्हणून हळहळ!

ल्योंवासी:
मंचरकर, हे शंभर टक्के. इथं पिशवीवरच छापलेलं असतं, ही उकडायला नि सॅलडला, ही प्युरेला म्हणजे कुस्करायला, ही तळायला. मी आल्या आल्या प्युरेची पिशवी आणून असाच लगदा केला होता.

पाटावरवंटा:
मला दुसराच प्रश्न पडलाय. ही दिजोंची बाटली कशाला? आमची आई पाट्यावर मोहरी फेसायची. भोपळ्याच्या भरीताला, केळ्याच्या रायत्याला. रायतं हे नावच मुळी राईवरून आलं. आणि आता आपण मोहरी बाटलीतून, तीही परदेशातून आणतो. गंमत आहे.

आंबटचुका:
काका, फेसलेली मोहरी कडू होते. दिजों होत नाही. चवीत फरक आहे, देशाभिमानाचा इथं काय संबंध?

पाटावरवंटा:
कडू होते ती न जमणाऱ्याची.

आंबटचुका:
म्हणजे मला येत नाही? माझी आई फेसायची तीही कडूच व्हायची.

पाटावरवंटा:
मग त्यांनाही जमत नसेल.

आंबटचुका:
आईपर्यंत जाऊ नका. सांगून ठेवते.

बारक्याचीआई:
(खुर्ची ओढून बसले आहे. बटाटा कुठाय?)

ल्योंवासी:
थांबा, थांबा. दोघांचंही अर्धं खरं आहे. कोरड्या मोहरीला झणका नसतो. दाणा फुटून पाणी लागलं की आतलं विकर (एन्झाइम) कामाला लागतं, मग नाकात चढते. पाणी गरम असेल तर ते विकरच मरतं, झणका येत नाही, कडवटपणा तेवढा उरतो. आंबट घातलं की झणका टिकतो. म्हणून दिजोंवाले आंबटात दळतात आणि आपल्याकडे फेसलेली मोहरी दह्यात किंवा लिंबाच्या रसात जाते. आता दोघांनाही झोंबेल असं सांगतो. दिजोंमधला तपकिरी दाणा नि आपली मोहरी एकाच जातीची. आणि ‘दिजों’ हे नाव कोणालाच राखीव नाही, दाणा बराचसा कॅनडाहून येतो. 2021 मध्ये तिकडे दुष्काळ पडला आणि 2022 मध्ये इथल्या दुकानांत मोहरीचे शेल्फ रिकामे. एका गिऱ्हाइकाला एकच बरणी! शेजारच्या म्हाताऱ्या बाईंनी माझ्याकडे अर्धी वाटी उसनी मागितली होती.

पाटावरवंटा:
वाचलंत? कॅनडाची मोहरी, फ्रान्सचं लेबल!

आंबटचुका:
वाचलं. काल कोमट पाणी घातलं होतं हे कबूल करते. आज गार पाण्यात फेसली, वर लिंबू पिळलं. पहिला घास घेतला आणि डोळ्यांतून पाणी. सॅलड वाईट लागलं नाही. एवढंच लिहिते, आणखी काही वदवून घेऊ नका. आईबद्दलचं विसरलेले नाही.

पाटावरवंटा:
आईंना नमस्कार सांगा. माफी वगैरे आलीच त्यात.

गोडंबी:
मीच ती दोन चमचे साखरवाली. इतकं रामायण माझ्या पाकृवरून झालं ते आत्ता कळलं. मुलांनी वाडगा चाटूनपुसून साफ केला होता, तेव्हा मी साखर काढणार नाही. पण गरम असताना व्हिनेगर घालून बघीन. शॅलट इथं मिळत नाही, सांबारातले छोटे कांदे चालतील?

आंबटचुका:
चालतील. बारीक चिरून आधी पाच मिनिटं व्हिनेगरमध्ये ठेवा, उग्रपणा जातो. आणि साखर एक चमचा करा हो, निदान माझ्यासाठी.