विंडोज ९८ चे आयकॉन विंडोज १० वर धूसर का दिसतात?

काउंटरवाला_मालवण: होमस्टेच्या काउंटरवरचा पीसी, विंडोज १०, स्केलिंग (स्क्रीनवरचं सगळं मोठं करून दाखवणं) १२५ टक्के. ‘खोल्या’, ‘बिलं’, ‘स्कूबा’ या फोल्डरांना आणि रिसायकल बिनला ९८ चे आयकॉन लावलेत. कडा धूसर येतात. शिवाय बिन रिकामी केली तरी कागद भरलेलेच दिसतात, एफ५ दाबलं की मगच जातात.

खाडीकाठ: दोष स्केलिंगचा. डेस्कटॉपवर मीडियम आयकॉन १०० टक्क्यांना ४८ पिक्सेलचा असतो, १२५ ला ६० चा. ९८ च्या आयकॉनमध्ये १६, ३२ आणि फार तर ४८. मग ३२ किंवा ४८ चं चित्र ताणून ६० केलं जातं आणि कडा फिसकटतात. वेबवरून पीएनजी चित्र उचलून आयको (आयकॉनची फाइल) बनवली असेल तर आत एकच आकार उरतो, ते आणखी वाईट. ९८ च्या जुन्या सीडीवरची शेल३२ डीएलएल (आयकॉन साठवलेली सिस्टमची फाइल) मिळाली तर रिसोर्स हॅकर या प्रोग्रामने तिच्यातले मूळ आयकॉनच काढा.

स्केलिंग १०० वर आणणार नसाल, तर गिंप या चित्रं एडिट करायच्या प्रोग्राममध्ये आधी मोड आरजीबी करा, मग ३२ चं चित्र २५६ ला न्या, इंटरपोलेशन ‘नन’. बरोबर आठपट होतं, म्हणून चौकोन चौकोनच राहतात. ४८ वरून २५६ करू नका, पूर्ण पटीत बसत नाही. आयको एक्सपोर्ट करताना १६, ३२, ४८ चे थरही त्याच फाइलमध्ये ठेवा.

आंबेवाडी९८: बिनचा घोळ जुनाच आहे. रेजएडिटमध्ये (विंडोजची रजिस्ट्री, म्हणजे आतली सेटिंग्ज, बदलायचा प्रोग्राम) एचकेसीयू (HKEY_CURRENT_USER), सॉफ्टवेअर, मायक्रोसॉफ्ट, विंडोज, करंटव्हर्जन, एक्सप्लोरर, सीएलएसआयडी असं आत जा. ६४५एफएफ०४० ने सुरू होणाऱ्या की-मध्ये (रजिस्ट्रीतला फोल्डर) डिफॉल्टआयकॉन आहे. त्यातल्या डिफॉल्ट, एम्टी आणि फुल या तिन्ही पाथच्या शेवटी स्वल्पविराम आणि शून्य जोडा, मध्ये जागा न सोडता. आधी की एक्सपोर्ट करून ठेवा. मग टास्क मॅनेजरमधून एक्सप्लोरर रिस्टार्ट.

खाडीकाठ: आणि डेस्कटॉप आयकॉन सेटिंग्जमधली ‘थीमला आयकॉन बदलू द्या’ ही खूण काढा, नाहीतर थीम बदलली की सगळं पुसलं जाईल. आयको फाइली पेनड्राइव्हवर नकोत, सी ड्राइव्हवर ठेवा. सिस्टम३२ मधली डीएलएल मात्र बदलू नका, विंडोज ती परत मूळची करून टाकतं. तिथल्याच मोरआयकॉन्स (moricons.dll) आणि पिफमॅनेजर (pifmgr.dll) या डीएलएलमध्ये जुने आयकॉन आयते पडलेत, ते आधी बघा. आयकॉन पॅक म्हणून एक्सई (चालणाऱ्या प्रोग्रामची फाइल) मिळाली तर उघडूच नका.

काउंटरवाला_मालवण: बिनचा काम झाला, कागद गेले. ‘स्कूबा’ला पिफमॅनेजरमधली छत्री लावलीय, गिंप रात्री.