दीपसंघाचा उजेड फुकट असावा का? (खेळातल्या जादूगारांवरून वाद)

किल्ल्याखालचा (सातारा)
आमच्या ग्रुपचा डंजन्स अँड ड्रॅगन्सचा (एकानं जग रचायचं, बाकीच्यांनी त्यातली पात्रं होऊन फासे टाकत गोष्ट खेळायची) नवा डाव सुरू होतोय, जग मी रचतोय आणि त्यातल्या एका संघावरून खेळायच्या आधीच भांडणं लागलीत म्हणून इथं टाकतोय. संघाचं नाव दीपसंघ. डोंगरी किल्ल्यावर राहतात, फक्त उजेडाची जादू करतात, आणि त्यांच्यामुळं खालच्या खोऱ्यातली गावं रात्रभर लख्ख. आता मूळ खेळाच्या पाचव्या आवृत्तीत उजेडाचा मंत्र एकदम फुकट आहे, कितीही वेळा मारा, २० फूट झगझगीत, पुढचं २० फूट अंधुक, तासभर टिकतो. मी त्याला खर्च लावला. दीपसंघानं एका गावात जेवढा उजेड पाडला तेवढा दुसऱ्या कुठल्यातरी गावाच्या दिवसातनं कापला जातो, तिथं भर दुपारी दिवेलागण. संघातल्या वरच्या लोकांना हे माहीत असतं, पण कुणी बोलत नाही.

निम्मा ग्रुप म्हणतोय तू उगाच चांगल्या लोकांना व्हिलन करतोस. मी म्हणतो व्हिलन नाहीत ओ, पण उजेड आला कुठनं हे विचारायचंच नाही का? कोयना प्रकल्पाची वीज १,९६० मेगावॅट, आणि शिवसागरात ज्यांची गावं गेली त्यांच्या घरी पुनर्वसनाचा विषय काढून बघा.

हळदवाला (सांगली)
मर्दा खेळायला बसलायस का पाटबंधारे खात्याची मीटिंग हाय? आठवडाभर राबून रविवारी चार तास मिळत्यात, त्यात पण मला अपराधी वाटून घ्यायचं? हल्ली कुठलीबी गोष्ट उघडा, चांगला माणूस आतनं सडकाच निघतो. जरा म्हणून कुणी सरळ नाही. उजेडाचे जादूगार चांगले असू देत की.

आणि तुझा नियमच चुकलाय. एका पणतीवर दुसरी पणती लावली तर पहिलीचा उजेड कमी होतो का? दीपमाळेवर एवढ्या वाती लागत्यात, पहिली वात विझती का? उजेड वाटल्यानं घटत नाही हीच तर त्यातली जादू, आणि तू तिथंच कात्री लावलीस.

किल्ल्याखालचा (सातारा)
ज्योत घटत नाही, मान्य. दुसऱ्या पणतीत तेल कुणी घातलं?

शेवटची एसटी (वाई)
दोघंबी चुकताय, कारण तुमच्या संघात सगळे जादूगारच आहेत. उजेड धरणारे कुठं आहेत? जुन्या वराती आठवा. नवरदेव घोड्यावर, पुढं बँड, आणि दोन्ही बाजूंनी डोक्यावर गॅसबत्ती घेऊन चालणारी माणसं, त्यात बाया पण असायच्या. सगळी वरात त्यांच्या उजेडात नाचायची पण व्हिडिओत त्यांचं तोंड कुठंच नाही, त्यांच्यावर कॅमेरा आला की कॅमेरावालाच ओरडायचा बाजूला सरका म्हणून. मला दीपसंघात ती माणसं पाहिजेत. मंत्र म्हणणारा वर बुरुजावर, आणि खाली गावात रात्रभर तो उजेड डोक्यावर घेऊन उभा राहणारा वेगळाच, त्याला मंत्र शिकवलेलाच नाही. कुठलं तरी लांबचं गाव अंधारात घालवायची गरजच नाही मग, अन्याय दोन हातांवर दिसतो. माझं पात्र तेच.

काजवा (कराड)
फिजिक्सवाल्याचे दोन पैसे. तुम्ही उजेड म्हणजे नुसता बल्ब धरून चाललाय. उजेडावर ज्याचा ताबा तो माणूस गायब होऊ शकतो, नसलेलं तळं दाखवू शकतो, मृगजळ म्हणजे दुसरं काय, गरम हवेत वाकलेला उजेडच. पण एक मेख आहे. पूर्ण पारदर्शक झालेला जादूगार आंधळा होणार, कारण दिसायला उजेड डोळ्याच्या पडद्यानं शोषावा लागतो आणि इथं तो आरपार जाणार. हा झाला खरा खर्च, आणि तो ज्याचा त्यानंच भरायचा. शेजारच्या गावाला कशाला भुर्दंड?

शिवाय थंड उजेड आहेच. मे संपता संपता पावसाच्या तोंडावर आपल्या घाटात काजवे बघा, त्या उजेडात उष्णता जवळजवळ नसतेच. असा संघ करा, ना तेल ना धूर.

किल्ल्याखालचा (सातारा)
काजव्याचा उजेड पण फुकट नाही भावा. अळी असताना गोगलगायी खाऊन साठवलेलं असतं ते. आणि तुझ्या त्याच घाटात हॉटेलचे हॅलोजन लागले की काजव्यांना एकमेकांचे इशारे दिसत नाहीत, जोडी जमायची पंचाईत. म्हणजे एकाच्या उजेडानं दुसऱ्याचा उजेड खाल्ला. माझाच नियम झाला की हा. आंधळ्या जादूगाराचं मात्र घेतलं, ते भारी आहे.

परखड (सातारा)
डॉ. दाभोलकरांच्या गावात बसून जादूगारांचे संघ काढताय, कमाल आहे. ज्या माणसाचा खून झाल्यावर २०१३ ला जादूटोणाविरोधी कायदा आला त्याच्या साताऱ्यात पोरांना मंत्रानं दिवा लागतो शिकवा.

शेवटची एसटी (वाई)
ओ परखड, कायदा जादूच्या नावावर लोकांना लुबाडणाऱ्यांसाठी आहे, गोष्ट सांगणाऱ्यांसाठी नाही. खेळणाऱ्या पोराला फासे दिसतात समोर, बाबाच्या भक्ताला दिसत नाहीत, एवढा फरक आहे. उलट अंनिसच्या कार्यक्रमातलंच घ्या ना खेळात. पोटॅशियम परमँगनेटवर तूप म्हणून ग्लिसरीन ओतायचं, थोड्या वेळात काडी न लावता पेटतं, लोक हात जोडतात. दीपसंघात भरती होणाऱ्यानं आधी असला भोंदू ओळखून दाखवायचा, मगच आत.

परखड (सातारा)
ते केलंत तर ठीक. नाहीतर माझा विरोध आहेच.

हळदवाला (सांगली)
सगळे मिळून माझा संघ नासवायला निघालाय. एक गोष्ट मला कुणी सांगेना, त्या खोऱ्यात साप चावून, विहिरीत पडून रात्री माणसं मरत नव्हती का? बाळंतीण अंधारात अडलेली तुम्हाला चालती? दीपसंघानं ते थांबवलं आणि तुम्ही हिशेबाची वही काढून बसलाय. हिशेब मागणारा नेहमी उजेडातच बसलेला असतो बघ.

किल्ल्याखालचा (सातारा)
आणि दुपारी तीनला अंधार झालेल्या गावात साप चावत नाहीत? तिथली बाळंतीण कुणाची?

हळदवाला (सांगली)
तुझा नियम राहू दे तसाच. पण मी दीपसंघातच राहणार, आणि पहिल्याच रात्री किल्ला उतरून त्या तुझ्या काळ्या गावात जाऊन पणती लावणार. मंत्र न म्हणता. बघू कुणाचा दिवस कापतोस.

किल्ल्याखालचा (सातारा)
तेल?

हळदवाला (सांगली)
करडईचं, घाण्यावरचं. आमच्या रानातली करडई, पैसे देऊन गाळून आणलंय. लिही वहीत.