मदत हवी आहे: बटाट्याच्या काचऱ्या कुरकुरीत होण्याआधीच काळ्या पडतात

ऐरोलीकर:

नमस्कार मंडळी. प्रश्न छोटा आहे, पण तीन आठवडे झाले तरी मला सुटलेला नाही.

जूनच्या शेवटी आईचं उजवं मनगट मोडलं. प्लास्टर निघालंय, पण विळीवर बसायला आणि जड भांडी उचलायला अजून मनाई आहे, म्हणून स्वयंपाक माझ्याकडे आलाय. वरण-भात, पोळ्या, पालेभाजी जमायला लागलं. अडलंय ते काचऱ्यांपाशी. आईला ताकभात आणि कडेला खरपूस काचऱ्या मिळाल्या की बाकी काही नको असतं, आणि नेमकं तेच मला नीट वाढता येत नाही.

तिला विचारलं की ती मनापासून सांगते: "मंद ठेव, सारखा कालथा घालू नको, झाल्या की वासावरून कळतं." पन्नास वर्षं हातानेच केलेलं काम, तोंडाने सांगायची वेळ तिच्यावर कधी आलीच नाही. मला वास येतो तो करपल्याचा.

मी काय करतो ते सविस्तर लिहितो. मध्यम चार बटाटे, वजनाने ४०० ग्रॅम. सालासकट धुऊन स्लायसरवर २ मिलिमीटरच्या चकत्या. १० इंची नॉनस्टिक पॅनमध्ये दोन मोठे चमचे तेल, मोहरी, हिंग, हळद, त्यावर बटाटे, लगेच मीठ आणि तिखट. झाकण ठेवून पाच मिनिटं, मग झाकण काढून परततो. तोवर चकत्यांचे गठ्ठे झालेले असतात. सोडवायला गेलं की मोडतात. गॅस वाढवला तर कडा बघता बघता काळपट होतात आणि आतून बटाटा लिबलिबीतच. चवही विचित्र लागते, आधी गोडसर, मग किंचित कडू.

कुठे चुकतंय? तेल वाढवायला माझी ना नाही, पण आई एवढ्याच तेलात करायची हे मी पाहिलेलं आहे.

खारकरआळी:

आधी ते झाकण काढा. बटाट्यात जवळपास ८० टक्के पाणी असतं. तुमच्या ४०० ग्रॅममध्ये सव्वातीनशे ग्रॅमच्या आसपास पाणीच आहे. झाकणाखाली ते वाफ होऊन परत बटाट्यावर पडतं. पाणी आहे तोवर पृष्ठभाग १०० अंशांच्या वर जात नाही, आणि खरपूसपणा यायला १४० च्या पुढचं तापमान लागतं. म्हणजे पहिली पाच मिनिटं तुम्ही बटाटे उकडताय.

मीठही शेवटी. आधी घातलं की पाणी सुटतं. आणि १० इंची पॅनला ४०० ग्रॅम फार होतात. निम्मे घ्या, दोन घाणे करा.

नौपाड्याची_लेक:

झाकणाबद्दल थोडं वेगळं सांगते. आमच्याकडे झाकण ठेवायचेच, पण सुरुवातीची दोन-तीन मिनिटं, तेही जरा तिरकं. अजिबात न ठेवता केल्या तर जाड भाग कच्चा राहतो आणि मग लोक गॅस मोठा करतात.

मला खरी अडचण तुमच्या स्लायसरमध्ये दिसतेय. स्लायसरच्या चकत्या सपाट आणि एकसारख्या. त्या ओल्या कागदांसारख्या एकमेकींवर बसतात, मधे तेल जात नाही, वाफही निघत नाही. विळीवर चिरलेली काचरी एका कडेला कागदासारखी पातळ आणि दुसऱ्या कडेला जाड असते, थोडी वाकडीही. ती एकीवर एक बसतच नाही. पातळ कड कुरकुरीत होते, जाड भाग मऊ राहतो. काचऱ्यांची चव या दोन्हींत आहे. सगळीच कुरकुरीत झाली तर तो वेफर, सगळीच मऊ झाली तर भाजी. विळी जमत नसेल तर सुरी घ्या, पण बटाटा फिरवत फिरवत तिरका छाटा, पेन्सिलीला टोक करतो तसा.

आणि नॉनस्टिकऐवजी लोखंडी तवा किंवा कढई. आईचा असेलच घरात कुठेतरी.

ऐरोलीकर:

काकू, विळीचं हे माझ्या कधी डोक्यात आलं नव्हतं. लोखंडी कढई माळ्यावर आहे. ठाण्याचं घर सोडताना बांधली होती ती अजून उघडलेली नाही. आज काढतो.

काल खारकरआळींच्या सांगण्याप्रमाणे २०० ग्रॅम, झाकण नाही, मीठ शेवटी, असं करून पाहिलं. गठ्ठे झाले नाहीत, हा मोठा फरक. पण काळपटपणा तसाच, गोड-कडू चवही तशीच. सहा मिनिटांतच कडा काळ्या, तेव्हा आत शिजलेलंही नव्हतं.

वाशी_कांदाबटाटा:

मी बावीस वर्षं वाशीच्या कांदा-बटाटा बाजारात एका गाळ्यावर दिवाणजी होतो. तुमच्या पहिल्या पोस्टमधल्या "गोडसर" या शब्दापाशीच थांबलो होतो. दोष बटाट्यात आहे.

उत्तरेकडचा बटाटा फेब्रुवारी-मार्चमध्ये निघतो आणि शीतगृहात जातो. श्रावणात आपल्याकडे येतो तो बराचसा हाच माल. खाण्याचा बटाटा कोंब येऊ नयेत म्हणून २ ते ४ अंशांत ठेवतात. एवढ्या थंडीत त्यातल्या स्टार्चची साखर व्हायला लागते. भाजीत, रश्श्यात ती फारशी कळत नाही. तव्यावर मात्र ही साखर बटाट्यातल्या अमायनो आम्लांशी मिळून झपाट्याने रंग धरते. आतलं पाणी निघण्याआधी बाहेरून काळं आणि कडू. गॅस कितीही कमी-जास्त करा, हे टळत नाही.

वेफरवाले म्हणूनच हा माल घेत नाहीत. त्यांचा बटाटा १० ते १२ अंशांवर ठेवलेला असतो आणि वाणही वेगळा. शिमल्याच्या बटाटा संशोधन संस्थेने १९९८ साली कुफरी चिपसोना हा वाण खास त्यासाठी आणला. त्यात साखर कमी आणि कोरडा अंश जास्त. त्याच वर्षी आलेला कुफरी पुखराज पिवळसर, देखणा, पण पाणचट. रश्श्याला ठीक, काचऱ्यांना नाही.

भाजीवाल्याकडे वाणाचं नाव विचारून उपयोग होत नाही. "वेफरचा बटाटा" किंवा "इंदूरचा बटाटा" म्हणून मागा. ठाण्यात जांभळी नाक्याला मिळेल. सप्टेंबरपासून आपल्या आंबेगावच्या सातगाव पठाराचा पावसाळी बटाटा येऊ लागतो. तो शीतगृह न पाहिलेला, ताजा असतो. तो मिळाला तर सोडू नका.

एक विचारायचं राहिलं. घरी आणल्यावर बटाटे कुठे ठेवता?

ऐरोलीकर:

फ्रिजमध्ये. पावसात बाहेर कोंब येतात म्हणून मे महिन्यापासून खालच्या कप्प्यात ठेवतोय.

वाशी_कांदाबटाटा:

मग तुम्ही दुसरं शीतगृह घरातच चालवताय. आजच बाहेर काढा. टोपलीत किंवा पोत्यावर पसरून ठेवा, अंधारात, वारा लागेल अशा जागी, कांद्यापासून दूर. उजेडात ठेवलेत तर हिरवे पडतील, आणि हिरवा भाग खायचा नसतो. दोन-तीन आठवडे सध्याच्या हवेला राहिले की साखर बरीचशी उतरते. पूर्ण पूर्ववत होतील असं नाही, पण तुम्हाला फरक कळेल. बारीक कोंब आले तर खुडून टाका, बटाटा कडक असेल तर चालतो.

प्रयोगवही:

दोन-तीन आठवडे थांबायचं नसेल तर काचऱ्या चिरून कोमट पाण्यात १५ ते २० मिनिटं ठेवा, पाणी एकदा बदला. वरवरची साखर आणि सुटा स्टार्च निघून जातो. नंतर सुती पंच्यावर पसरून अगदी कोरड्या करा. ही पायरी घाईत उरकू नका, ओल्या काचऱ्या तेलात घातल्या तर भिजवल्याचा फायदा गेला.

बटाटा पाणचट आहे की पिठूळ हे पाहायचं असेल तर अकरा वाट्या पाण्यात एक वाटी मीठ विरघळवून त्यात बटाटा सोडा. तळाशी गेला तर पिठूळ, तरंगला तर पाणचट. मी दर नवीन खेपेला एक बटाटा असा तपासते.

जाड तुकडे खरपूस करायचे असतील तर लिटरभर उकळत्या पाण्यात अर्धा चमचा खायचा सोडा घालून अर्धवट उकडा. सोड्याने पेक्टिन सैल होतं, कडा खरबरीत होतात आणि तेलात छान धरतात. पण काचऱ्यांना सोडा लावू नका, पिठलं होईल. पातळ कापांना उलट चमचाभर व्हिनेगर घालतात, त्याने तुकडा मोडत नाही.

घणसोली_सेक्टर:

एअर फ्रायरमध्ये १८० ला पंधरा मिनिटं. मला आवडतात.

नौपाड्याची_लेक:

एअर फ्रायरच्या चांगल्या होतात, पण मोहरी-हिंगाच्या फोडणीत मुरलेली चव त्यांना येत नाही, आणि इथे प्रश्न आईच्या ताटाचा आहे.

ऐरोलीकर, कढई माळ्यावरून काढलीत की आधी गंज घासून, पुसून गॅसवर कोरडी तापवा. तेलाचा पातळ हात देऊन धूर येईस्तोवर तापू द्या, थंड करा, पुन्हा एकदा तेच. मग निदान पहिले दोन दिवस तिच्यात कांदा परता. टोमॅटो-चिंच अजिबात नको.

ऐरोलीकर:

सगळ्यांचे आभार. आठवडाभर केलं ते लिहितो.

कढई काढली, काकूंनी सांगितलं तशी तयार केली. जांभळी नाक्यावरून इंदूरचे दोन किलो आणले. मग एकाच संध्याकाळी तीन घाणे केले, प्रत्येकी २०० ग्रॅम, एकच कढई, तेवढंच तेल. फ्रिजमधला बटाटा न भिजवता: सात मिनिटांत काळा, कडू. फ्रिजमधलाच कोमट पाण्यात भिजवून, पुसून: तपकिरी, कडूपणा जवळजवळ नाही, गोडी थोडी राहिली. इंदूरचा न भिजवता: चौदा मिनिटं मंद-मध्यम आचेवर, कडा सोनेरी, आतून मऊ, आणि तो वास. आई बाहेरच्या खोलीतून "झाल्या बघ" म्हणाली तेव्हा मी अजून कढईत बघत होतो.

दोष बटाट्यात आहे हे तिला सांगितलं तेव्हा ती म्हणाली, नौपाड्यात असताना आपण गोणी घ्यायचो ना, चार घरांत वाटून. घरी आणली की कॉटखाली पोत्यावर पसरायची आणि आधी जुने संपवायची, नवीन महिनाभर तरी काचऱ्यांना घ्यायची नाही. "नवीन काळे पडतात" एवढं तिच्या सासूने सांगितलं होतं, कारण नव्हतं सांगितलं. मी लहानपणी त्याच कॉटवर झोपायचो, खालून येणारा मातीचा वास अजून आठवतो. हे तिने मला आधी सांगितलं नाही, कारण काचऱ्यांचा आणि कॉटखालच्या गोणीचा संबंध मी विचारलाच नव्हता.

सुरीने तिरकं छाटायला अजून वेळ लागतो, चार बटाट्यांना वीस मिनिटं. शनिवारी आईने डाव्या हाताने बटाटा धरून मला कोन दाखवला.

आता एकच प्रश्न उरलाय. सोमवारी तिचा उपास असतो. तेव्हा तूप-जिऱ्यावर, हळद-हिंगाशिवाय करायच्या. काल साध्या तुपात केल्या तर तुपातला कणीचा भाग तळाशी जळला आणि काचऱ्यांना काळे ठिपके लागले.

नौपाड्याची_लेक:

तूप घरी कढवलेलं दिसतंय, बेरी नीट गाळली गेली नसेल. वितळवून पातळ फडक्यातून गाळून घ्या. जिरं तडतडलं की लगेच काचऱ्या घाला, तूप तापत ठेवू नका. हिरवी मिरची शेवटची तीन मिनिटं राहिली की, दाण्याचं कूट घालणार असाल तर गॅस बंद करून.

ऐरोलीकर:

बेरी आहे खरी, डबा उघडून पाहिला. आज रात्री गाळून ठेवतो. सोमवारी दुपारी इथे लिहीन.