स्वतःचीच भूमिका करणारा माणूस कलाकार की नाही?

दिवाळेकर
बेलापूरच्या दिवाळे कोळीवाड्यात आमच्या आत्यावर एक लघुपट झाला, माहितीपटाच्या अंगाने जाणारा. आत्या त्यात आत्याच आहे. जेट्टीवरून पाटी घेऊन येण्याचा शॉट पाच वेळा घेतला. पहिल्यांदा ती नेहमीसारखी झपाझप आली, तर म्हणाले, हळू चाला. पाचव्या वेळी तिने चुंबळ नीट केली, उन्हाच्या तिरिपेत क्षणभर थांबली आणि मग पाटी डोक्यावर घेतली. तोच शॉट ठेवलाय. शेवटच्या नामावलीत गिऱ्हाईक झालेली मुलगी 'कलाकार', आणि आत्या 'विशेष आभार'मध्ये! तिने अभिनय केलाय. कलाकार म्हणून नाव आणि मानधन तिला मिळायलाच हवं.

नौपाड्याची
राग समजतो, पण पटत नाही. नट दुसऱ्याच्या आयुष्यात शिरतो. गडकरी रंगायतनच्या रंगमंचावर उभं राहण्याआधी माणसं वर्षानुवर्षं तालमी करतात. शिवाय पैसे ठरले की समोरचा दिग्दर्शकाला हवं तेच करून दाखवणार.

दिवाळेकर
पैसे नव्हते तरी हवं तेच करून घेतलं ना? पाच वेळा.

खाडीकाठ
१९२२चा 'नानूक ऑफ द नॉर्थ' आठवा, उत्तर ध्रुवाकडच्या इनुइट शिकाऱ्यावरचा माहितीपट. नानूकचं खरं नाव अल्लाकारियाल्लाक. इनुइट लोकांकडे तोवर बंदुका आल्या होत्या, तरी दिग्दर्शक फ्लाहर्टींनी शिकार जुन्या पद्धतीने भाल्याने करायला लावली. आत उजेड यावा म्हणून इग्लू, म्हणजे बर्फाचं घर, एका बाजूने उघडा ठेवला. पडद्यावरची बायकोही त्याची नव्हती. हा अभिनय नाही तर काय?

नौपाड्याची
हे तर माझ्याच बाजूचं उदाहरण झालं. लोकांना ते खरं म्हणून दाखवलं. त्याला अभिनय म्हटलं की करून घेणाऱ्याची चूक झाकली जाते.

कोपरीकर
इराणी दिग्दर्शक कियारोस्तामींचा 'क्लोज-अप' (१९९०) बघा. हुसेन सब्जियानने तेहरानमधल्या एका कुटुंबाला आपण दिग्दर्शक मखमलबाफ असल्याचं भासवलं. त्याच्यावरचा खटला खरोखर चालू असताना चित्रित केला, अटकेचा प्रसंग मात्र पुन्हा उभा केला आणि त्यात तो स्वतः, ते कुटुंबही स्वतःच. आपली फजिती कॅमेऱ्यासमोर पुन्हा करून दाखवायला किती ताकद लागत असेल! मला तरी हे कसलेल्या नटाच्या कामाहून कमी वाटत नाही.

नौपाड्याची
ताकद लागते, मान्य. आत्यांचा दिवसाचा धंदा बुडाला असेल तर भरपाईही द्यायलाच हवी. नाव वर घ्या, पण 'कलाकार' नको, 'स्वतः' असं लिहा.

दिवाळेकर
यादीत सगळ्यात वर असेल तर 'स्वतः' चालेल. पण भरपाई नको, मानधनच हवं. का, ते सांगतो. आत्याचे यजमान वारले तो प्रसंग तिला दोनदा सांगायला लावला, कारण पहिल्या वेळी मध्येच होडीचं इंजिन सुरू झालं. दुसऱ्या वेळी तिला रडू आलं नाही. पहिल्यांदा हुंदका जिथे आला होता, त्याच शब्दावर ती थांबली आणि पदर तोंडाला लावला.