निर्वासित, विस्थापित की स्थलांतरित?

सुदानच्या बातम्या वाचताना गोंधळ होतोय. एकाच बातमीत वर 'निर्वासित', मध्ये 'विस्थापित' आणि शेवटी 'लाखोंचं स्थलांतर'. तिन्ही एकच का?

–

एकच नाहीत ताई. मुख्य फरक सीमेचा. पश्चिम सुदानमधल्या दारफूरच्या एल जेनेना शहरातून जीव मुठीत धरून निघालेलं कुटुंब शेजारच्या चाड देशातल्या आद्रेला पोचलं की निर्वासित, कारण १९५१च्या निर्वासितांविषयीच्या आंतरराष्ट्रीय कराराची व्याख्याच आपल्या देशाबाहेर असलेल्या माणसाची आहे, आणि त्यातही कारण म्हणून छळाची भीती लागते, युद्धाचं कारण आफ्रिकेत १९६९च्या वेगळ्या कराराने धरलं गेलं. त्याच गल्लीतलं दुसरं कुटुंब सीमेच्या अलीकडे अडकलं तर ते विस्थापित, आणि त्यांची जबाबदारी कागदोपत्री त्यांच्याच सरकारवर, जे स्वतःच या लढाईत उतरलंय! एप्रिल २०२३पासून घर सुटलेले एक कोटीच्या वर आहेत, बहुतेक देशातल्या देशात. सरसकट निर्वासित लिहिलं की नेमके हेच लोक दिसेनासे होतात.

–

पण विस्थापित म्हटलं की आपल्याकडे कोयना, सरदार सरोवर आठवतं हो. तिथे निदान पुनर्वसन हा शब्द तरी कागदावर होता. दारफूरमधल्या झमझम कॅम्पचं बघा, २००३ नंतर दारफूरच्या आधीच्या युद्धातून पळून आलेले लोक, वीस-वीस वर्षं तिथेच, पोरं तिथेच जन्मली, आणि एप्रिल २०२५मध्ये आरएसएफने, म्हणजे सुदानच्या लष्कराशी लढणाऱ्या निमलष्करी दलाने, त्या कॅम्पवरच हल्ला केला, चारेक लाख माणसं परत रस्त्यावर, कितीतरी जण पायी तविला गावाकडे. यांना 'परागंदा' म्हणावं का? मूळ फारसी अर्थ विखुरलेला, तो अगदी बसतो.

–

परागंदा नको, मराठीत त्याला तोंड लपवून पळाल्याची छटा आलीय. आणि स्थलांतर तर मुळीच नको. बीडहून ऊसतोडीला जातात ते स्थलांतर, तेही हौसेनं नाही, पण पट्टा पडला, म्हणजे कारखान्याचा हंगाम संपला, की परत यायला गाव असतं. 'चार लाख लोकांनी स्थलांतर केले' असं छापलं की जणू त्यांनीच ठरवलं, आणि बंदूक घेऊन आलेला वाक्यातून गायब. निर्वासित शब्दात निदान कुणीतरी हुसकावलंय हे तरी आहे, शरणार्थीत तेही नाही, तिथे नुसता आसरा मागणारा दिसतो. देशातल्यांसाठी मी 'युद्धविस्थापित' लिहितो, आणि बातमीत सरळ 'आरएसएफने हुसकावले'.

–

पटलं. आणि कॅम्पला छावणी लिहावं का?

–

कॅम्पच लिहा. छावणी म्हणजे लष्कराची नाहीतर दुष्काळात गुरांची. फाळणीनंतर सिंधी लोक जिथे उतरले त्या उल्हासनगरात अजून कॅम्प नंबर चार, पाच असंच म्हणतात.