'पुइत्लिङ थॉन्थु' : मराठीत नेमकं काय लिहावं?

शाईदौत : मिझोतलं हे जोडपद 'प्रौढ कथा' असं उतरवलं तर चालेल का? थॉन्थु म्हणजे लोककथा ना?

कोशकिडा : लोककथाही, पण तेवढीच नाही. मिझो लोककथांतल्या छुराच्या फजित्या थॉन्थु, आणि एल. बियाकलिआना यांची 1936ची 'हॉइलोपारी', जिला पहिली मिझो कादंबरी मानतात, तीही थॉन्थुच. लघुकथा म्हणजे 'थॉन्थु तॉइ' (तॉइ : आखूड). 'कथा' लिहिलंत की कादंबरी बाहेर पडते. 'गोष्ट' जास्त जवळचा.

खरी अडचण 'पुइत्लिङ'ची. अर्थ साधा : वयात आलेला, जाणता. मिझोरमच्या चर्चमध्ये 'पुइत्लिङ संडे स्कूल' भरतं, म्हणजे मोठ्या माणसांचा बायबलवर्ग. तिथे शृंगाराचा वाससुद्धा नाही! पण तोच शब्द थॉन्थुला जोडून इंटरनेटवर दिसला, तर बहुधा चावट गोष्टच समजावी. आपल्याकडेही 'प्रौढ शिक्षण' म्हणजे अक्षरओळख आणि 'फक्त प्रौढांसाठी' म्हणजे भलतंच. म्हणून नुसतं 'प्रौढ कथा' नको, वाचक बुचकळ्यात पडेल. शृंगारिक असेल तर सरळ 'शृंगारकथा' लिहा.

शाईदौत : आणि मोठ्यांसाठीची गंभीर कादंबरी?

कोशकिडा : तिला वयाचं लेबल लावायची गरजच नाही. नुसती थॉन्थु.

पागोळी : उच्चाराचं राहिलं. मिझो रोमन लिपीत लिहितात. तिच्यातला 'टीएच' इथे आपला थ आहे, इंग्रजीतला नव्हे. 'एडब्ल्यू' म्हणजे ऑ. म्हणून थॉन्थु, 'थावंथु' चूक.

भाषांतरात आणखी एक खड्डा आहे. मिझो पुरुषनावं आ-कारान्त, स्त्रीनावं इ-कारान्त. मराठी कानाला रेखा, लीना बायकांची नावं, त्यामुळे बियाकलिआना बाई वाटतात. त्यात मिझो सर्वनामाला लिंग नाही. तो, ती दोन्हींना 'आनि'. आपलं क्रियापद मात्र 'गेला की गेली' विचारल्याशिवाय पुढे सरकत नाही. म्हणून आधी सगळी पात्रं शेवटच्या स्वरावरून लावून घ्यावीत. नाव नसलेलं पात्र असेल तर पुढची दोनचार पानं वाचल्याशिवाय वाक्य पक्कं करू नये.

शाईदौत : 'रमबुआइ' कादंबऱ्यांना 'अशांत प्रदेशाच्या कादंबऱ्या' म्हणू का?

कोशकिडा : नको, सरकारी अधिसूचना वाटते. रम म्हणजे भूमी, मिझोरममधला तोच. बुआइ म्हणजे गोंधळ, पण रोजच्या बोलण्यातही येतो : 'का बुआइ', मी गडबडीत आहे. मिझो बंडखोरांचा 1966चा उठाव ते त्यांचा भारत सरकारशी 1986चा करार, हा सगळा काळ म्हणजे रमबुआइ. घरगुती आणि भीषण अशा दोन्ही छटा एका शब्दात आहेत.

पागोळी : मग 'धामधूम' घ्या की. लग्नाचीही असते आणि अठराशे सत्तावनच्या बंडाचीही होती.

कोशकिडा : चपखल! पहिल्यांदा 'रमबुआइ, म्हणजे धामधुमीची वर्षं', पुढे नुसतं रमबुआइ.